काळी दोन

"या पट्टीची टेप खराब आहे. सुराच्या शेवटी कोणीतरी परक्या भाषेत बोलतंय. बदलून टाकतो," दुरुस्तीला आलेला इंग्रज म्हणाला. त्याचं बोट काळी दोनवर होतं.

"तिला हात लावू नका."

मेलोट्रॉन नावाच्या या पेटीसारख्या वाद्यात प्रत्येक पट्टीखाली टेपचा तुकडा असतो. पट्टी दाबली की त्यावरचा आवाज सात-आठ सेकंद वाजतो. लंडनमधल्या आमच्या बँडला कोरस कुठला परवडणार? सगळे सूर माझ्या बायकोनेच गायले. काळी दोनला तिला वाटलं, रेकॉर्डिंग थांबलं, आणि ती बोलून गेली.

ड्रमवाला पीटर दर कार्यक्रमाआधी बजावायचा, "ती पट्टी लवकर सोड रे!" मी सोडायचो. तरी आमची एकुलती एक रेकॉर्ड कोणी ऐकली नाही ती नाहीच. बँड मोडल्यावर हे धूड गॅरेजमध्ये पडून होतं.

दुरुस्तीवाला निघून गेला. मी काळी दोन दाबली आणि पहिल्यांदाच शेवटपर्यंत धरून ठेवली. आधी लांबलचक 'आ'. मग बायको; गेल्या हिवाळ्यात वारलेली, टेपवर मात्र पंचविशीतली.

"अहो, झालं का? चहा टाकू?"

"टाक," मी म्हणालो.

बोट उचललं, तशी टेप सर्रकन मागे गेली.