लांबलेली सकाळ

रेणुका बांधेल त्या घरात काळ तिच्या मर्जीने चालायचा. पोखर्णीच्या बन्सीधररावांनी तिच्याकडून स्वयंपाकघर बांधून घेतलं. आत दिवसभर काम केलं तरी बाहेर तासच सरावा, असं. "सुनेची लय धावपळ व्हायलीय. वैष्णवीला जरा निवांतपणा मिळंल," ते म्हणाले होते.

काही वर्षांनी रेणुका त्यांच्याकडे गेली. पांढऱ्या केसांच्या, वाकलेल्या बाईने चहा आणला. वैष्णवीची सासू समजून रेणुका पाया पडायला वाकली.

"ताई, मी वैष्णवी."

रेणुकाच्या तळपायाची आग मस्तकात गेली. अंगणातली कुदळ उचलून तिने स्वयंपाकघराच्या भिंतीवर घातली.

"ओ बाई, पाडू नका!" बन्सीधरराव ओरडत धावले. "धाकट्याचं लगीन ठरायलंय!"