चाच्यांचा आचारी

"चाच्यांनी पळवून नेलंय, असं सांगितलंय मी दोघींना," वहिनी जिन्यातच कुजबुजली. "तुम्ही दुसरं काही बोलू नका, भाऊजी. पाया पडते तुमच्या."

सारंगाने खांद्यावरची पिशवी पायरीवर टेकवली. तो खलाशांचा मुकादम, जहाजावर वीस जण त्याच्या एका शिट्टीवर धावायचे, आणि इथे त्याने निमूट मान डोलावली. आठ महिन्यांपूर्वी जहाजाचा आचारी तापाने गेला होता. जवळचा किनारा तेव्हा नऊ दिवस लांब होता. सफर संपल्यावर त्याचं सामान घरी पोचवायला सारंग आला, तर घरात तो अजून जिवंतच होता.

"कंपनीचं पत्र आलं तेव्हा पोरगी चाच्यांच्या गोष्टी वाचत बसलेली. तिनेच विचारलं, बाबांना चाच्यांनी धरलं का? मी हो म्हणून बसले." वहिनीने वरच्या दाराकडे बघितलं. "आईंनी माझं तोंड बघून पाणीसुद्धा सोडलं होतं. चाचे म्हटल्यावर दोन घास खाल्ले."

वर खोलीत शिलाई मशीनभोवती शाळेच्या गणवेशांचा ढीग होता. म्हातारी खाटेवर बसून सदऱ्यांना बटणं लावत होती. सारंगाला पाहून तिने सुई सदऱ्यात टोचून ठेवली. आठ वर्षांची पोर मात्र त्याला बसूही देईना.

"काका, त्यांच्या सरदाराला एकच डोळा होता ना?"

"दोन होते. पण चकणा होता लेकाचा. माझ्याकडे बघून ओरडायचा आणि घाबरायचा शेजारचा."

पोर खळखळून हसली. सारंगालाही जरा धीर आला. खोटं बोलायचं तर रेटून बोलावं, असा विचार करून तो म्हणाला, "तुझ्या बाबाला कसलाही त्रास नाही बरं का. तो त्यांच्या जहाजावर स्वयंपाक करतो. चाचे नुसती बोटं चाटत बसतात. आता दुसऱ्या कुणाच्या हातचं त्यांच्या घशाखाली उतरत नाही."

पोरीचं हसू मावळलं. "मग ते कशाला सोडतील बाबांना?"

दहा वादळं काढलेल्या सारंगाने वहिनीकडे बघितलं. वहिनी पाणी आणायच्या निमित्ताने आत गेली.

तोवर म्हातारीने पिशवी मांडीवर ओढली होती. एकेक वस्तू काढून ती खाटेवर मांडत होती. दोन सदरे. दाढीचं सामान. लोकरीची टोपी. मग रुमालाची एक छोटी पुरचुंडी निघाली. तिने गाठ सोडली. आत चष्मा होता. एक दांडी काळ्या दोऱ्याने गुंडाळून बांधलेली. तो दोरा तिनेच बांधला होता, मुलगा निघायच्या दिवशी, दारात उभ्या उभ्या.

सारंगाने डोळे मिटून घेतले. सामान बांधताना त्याला काय ठाऊक, की इथे चाचे असणार आहेत.

म्हातारीने चष्मा उजेडात धरला. काचा लख्ख होत्या.

"याला चष्म्याशिवाय स्वतःचा हात दिसत नाही," ती हळूच म्हणाली. "चाच्यांनी नेताना पुसून, रुमालात बांधून ठेवला होय रे?"

सारंगाने मान खाली घातली.

"त्याच्या डोळ्यांवरून कुणी काढला?"

"मी, आई."

पोर एकदा आजीकडे, एकदा सारंगाकडे बघत होती. अचानक तिचे डोळे चमकले. "म्हणजे बाबांचा चष्मा इथेच राहिला? मग त्यांना मीठ कुठलं न् साखर कुठली ते कळणारच नाही! सगळं जेवण बिघडणार! चाचे वैतागून सोडूनच देतील त्यांना!"

"देतील हो," म्हातारी म्हणाली.

पोर उड्या मारत मैत्रिणीला सांगायला निघाली. तिची पावलं जिन्यात पार खालपर्यंत ऐकू आली.

"आता सांग," म्हातारी म्हणाली. "ती वर यायच्या आत."

सारंगाने सांगितलं. ताप चौथ्या दिवशी डोक्यात गेला. शुद्ध होती तोवर तो भटारखान्यात कुणाला काय करायचं ते बिछान्यातूनच सांगत होता. शेवटी त्याला ताडपत्रीत घालून शिवलं, समुद्रात सोडलं, तेव्हा सगळे खलाशी टोप्या काढून उभे राहिले. वहिनी आतल्या दारात पाण्याचा तांब्या घेऊन थिजून उभी होती. कंपनीच्या पत्रात हे काहीच नव्हतं. तीही पहिल्यांदाच ऐकत होती.

"शिवलं कुणी?"

"मीच. दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही."

म्हातारीने त्याचा हात ओढून घेतला, उताणा केला आणि बोटांवरून आपली बोटं फिरवली. जन्मभर सुई धरलेली तिची बोटं जरा वेळ तिथेच थांबली. सुनेकडे तिने बघितलंही नाही, पण दुसऱ्या हाताने खाटेवर तिच्यासाठी जागा केली. सून येऊन बसली.

जिन्यात पावलं वाजली. पोर वर येत होती, बरोबर आणखी दोघीतिघी होत्या.

म्हातारीने दोन्ही तळव्यांनी तोंड पुसलं, चष्मा रुमालात बांधला आणि सरळ बसली.

"हं," ती सारंगाला म्हणाली, "त्या चकण्याचं पुढे काय झालं ते सांग आता. आणि नीट सांग."