तळहाताची साक्ष

"खांदा गेलाय त्याचा," प्रशिक्षक डॉनलन म्हणाला. "उद्याच्या सामन्यात मी त्याला घेत नाही."

हॅस्किन्स समोरच उभा होता, तरी डॉनलन तो मैदानात नसल्यासारखाच बोलत होता. कॉलेजच्या बेसबॉल संघातला हा सगळ्यात वेगवान पिचर, म्हणजे चेंडू फेकणारा. एप्रिलमध्ये त्याचा चेंडू दिसायच्या आधी ऐकू यायचा. गेले दोन आठवडे मात्र तोच चेंडू रमतगमत येत होता, आणि परवा तर पाहुण्या संघाने त्याची पार धुलाई केली होती.

"पेनरोज, तूच सांग." डॉनलन कॅचरकडे वळला. "चेंडू तू पकडतोस. तुझा तळहात काय म्हणतो?"

ड्वाइट पेनरोज आपल्या जाड ग्लोव्हशी चाळा करत राहिला. हॅस्किन्स त्याच्याच खोलीत राहायचा, एका ताटात जेवावं अशी दोघांची दोस्ती. तो खाली बघून म्हणाला, "पूर्वीसारखा नाही राहिला, सर."

झालं. डॉनलनचं सगळं शास्त्र या तळहातावर उभं होतं. पिचरचा हात कधी संपला हे डॉक्टरला कळत नाही, पिचरला स्वतःलाही कळत नाही, ते फक्त कॅचरच्या तळहाताला कळतं, असं तो ठासून सांगे. आणि त्याला तो अधिकारही होता. अकरा वर्षं तो व्यावसायिक संघांत कॅचर होता, तेही ग्लोव्ह घालणं बायकी समजत त्या काळात. चेंडू उघड्या हातांनी झेलायचा. फारच सोसवेना तर तळहाताशी कच्च्या मांसाचा तुकडा धरायचा, तोही चोरून. दहाही बोटं वाकडी झाली होती. नवी पोरं आली की तो एकेक बोट दाखवून ते कुठल्या गावात मोडलं ते सांगायचा: हे टोलेडो, हा अंगठा बफेलो, ही अनामिका ट्रॉय. मोडलं तेव्हा मात्र यातलं एकही बोट त्याने कुणाला दाखवलं नव्हतं. दाखवलं की मॅनेजर दुसऱ्या दिवशी दुसरा कॅचर उभा करायचा. सगळेच कॅचर ओठ आवळून गप्प राहायचे.

बोटं दाखवून झाली की तो गॅफनीची गोष्ट सांगायचा. टिम गॅफनी, ट्रॉयचा पिचर, त्याचा जिवाभावाचा दोस्त. दौऱ्यावर दोघं एका खाटेवर झोपायचे. डॉनलनच्या हातासाठी रोज सकाळी खाटकाकडून मांसाचा तुकडा आणायचा तो गॅफनीच. अठराशे शहाऐंशीच्या जुलैत गॅफनीचा वेग एकाएकी गेला. मॅनेजरने विचारलं आणि डॉनलनने सांगितलं, खांदा संपला. आठवड्यात गॅफनीला काढलं. मग कुठल्याच संघाने त्याला उभं केलं नाही. तो दगडाच्या खाणीत लागला आणि तिथली धूळ छातीत भरून मेला.

"दोस्त होता, तरी खोटं नाही बोललो," डॉनलन दरवेळी म्हणायचा. दरवेळी त्याचा आवाज उगाच जरा चढायचा.

आता त्याने खिशातून उद्याची यादी काढली, पेन्सिल टेकवली आणि थांबला.

"काढायच्या आधी माझ्या हाताने खात्री करून घेतो. पेनरोज, हो बाजूला." त्याने कुंपणाच्या भिंतीवर टांगलेला जुना ग्लोव्ह चढवला आणि गुडघे कुरकुरवत पिचरसमोर उकिडवा बसला.

"सर, खरंच टाकू?"

"टाक की! म्हातारा झालोय, मेलो नाही अजून."

पहिल्या चेंडूची कळ थेट कोपरात गेली. दुसऱ्याने डोळ्यांपुढे काजवे चमकले. तिसरा पकडता पकडता डॉनलन मागच्या मागे मातीत बसला. एकही पोरगा हसला नाही.

"गाढवा, खांदा ठणठणीत आहे तुझा! मग दोन आठवडे काय थट्टा चालवली होतीस?"

हॅस्किन्स बुटाने माती उकरत राहिला. तो सगळीकडे बघत होता, फक्त पेनरोजकडे बघत नव्हता. डॉनलनला ते दिसलं.

"पेनरोज, ग्लोव्ह काढ."

"काही नाही सर, जरासं—"

"काढ म्हणतो ना!"

पेनरोजची अनामिका मुळापासून काळीनिळी झाली होती. चिंधीने ती शेजारच्या बोटाला बांधली होती.

"कुणाला सांगितलंस?"

"कुणालाच नाही. तुम्ही बाहेर बसवलं असतं." मग त्याचं लक्ष हॅस्किन्सकडे गेलं. "तुला माहीत होतं?"

"झोपेत कण्हतोस तू, ड्वाइट," हॅस्किन्स म्हणाला. "रोज कण्हतोस."

पेनरोजने ग्लोव्ह खाली टाकला. "आणि मी सरांना सांगितलं की तुझा हात..."

डॉनलन मातीतून उठला नाही. ग्लोव्ह काढून तो आपल्या वाकड्या अनामिकेकडे बघत राहिला. ट्रॉय. शहाऐंशीचा जुलै. बोटाची गोष्ट आणि गॅफनीची गोष्ट एकवीस वर्षं तो एकापाठोपाठ एक सांगत आला होता, पण त्या दोन्ही एकच आहेत हे त्याच्या कधी ध्यानातच आलं नव्हतं.

"उद्या हॅस्किन्स खेळेल," तो शेवटी म्हणाला. "पेनरोज, तू बोट डॉक्टरला दाखव. पण आधी त्याच्याशी बोल. आत्ता, या घडीला बोल."

पोरं गेली. डॉनलन तिथेच बसून राहिला.

गॅफनीला काढलं तेव्हा तो त्याला पोचवायला स्टेशनवर गेला होता. शिव्या खायच्या तयारीने गेला होता. गॅफनीने शिवी दिली नाही. गाडी हलल्यावर त्याने खिडकीतून डोकं काढून एवढंच म्हटलं, आणि तो टोमणा आहे असं डॉनलन आजवर समजत आला होता:

"नवा पिचर फार जोरात टाकतो रे. हाताला जप."