शनिवारचं फाटक

नॉर्थ कॅरोलायनातलं आपलं तंबाखूचं शेत हॉलिसने ऐन तरुणपणी मोटारींच्या रेसवाल्यांना विकलं, पण मधलं घर काही सोडलं नाही. मग त्यांनी लंबगोल ट्रॅक घराला वळसा घालूनच बांधला, आणि हॉलिस आणि त्याची बायको व्हर्ना जन्मभर त्या ट्रॅकच्या पोटात राहिले. दर शनिवारी संध्याकाळी ट्रॅकचं फाटक बंद व्हायचं, ते शेवटची गाडी थांबेपर्यंत कुणासाठीही उघडत नसे.

आणि नेमकं शनिवारीच दोघांचं वाजायचं. व्हर्ना बॅग उचलून ओसरीवर यायची.

"या मेल्या फाटकापायी अडकलेय मी. नाहीतर केव्हाच बहिणीकडे निघून गेले असते."

"जा की. धरलंय का कुणी?" हॉलिस गाड्यांच्या घोंघाटावर आवाज चढवून म्हणायचा.

यंदा ट्रॅक कायमचा बंद पडला. पहिल्याच सुन्या शनिवारी मक्याचा पाव करपला, त्यावरून दोघांची जुंपली, आणि व्हर्ना सवयीने बॅग घेऊन ओसरीवर आली.

"या मेल्या फाटकापायी..." म्हणता म्हणता तिची नजर वर गेली. समोर फाटक सताड उघडं होतं, आणि त्यातून थेट हमरस्ता दिसत होता.

हॉलिसचं "जा की" ओठांवरच राहिलं.

तो काठी टेकत उठला. ट्रॅक ओलांडून गेला, फाटक ओढून कुलूप लावून आला, आणि किल्ली तिच्या बॅगेवर ठेवली.



"हं," तो म्हणाला, "आता बोल."