खुर्चीखालची नाडी

चित्रपटाच्या शेवटी परिचारिकेने लशीच्या कुपीत विष मिसळलं, तेव्हा डॉ. मृणालिनी शेवडे खुर्चीतून ताडकन उठल्या. चित्रपटाच्या विज्ञान सल्लागार त्याच होत्या, आणि त्यांनी तपासलेल्या कथेत हीच परिचारिका अख्खं गाव साथीतून वाचवत होती.

त्या तडक चित्रपटगृहाचे व्यवस्थापक दातार यांच्या खोलीत गेल्या. "हे कोणी बदललं?"

"प्रेक्षकांनीच, मॅडम," दातार कपात चहा ओतत म्हणाले. "आमच्या खुर्च्या नाडी मोजतात. इथे सुई दिसताच सगळ्यांची नाडी धावली, म्हणून चित्रपटाने आपोआप शेवट बदलून तिला खलनायिका केलं. शेजारच्या शहरात लोक याच चित्रपटातल्या यंत्रमानवाला घाबरले, तिथे तो खुनी निघाला. भीती त्यांचीच, आम्ही फक्त दाखवतो."

"आणि विज्ञान?"

"ते पडद्यावरच्या तुमच्या नावात आहे की. त्यामुळेच तर लोकांना पटतं."

चहाला हात न लावता त्या बाहेर पडल्या. खेळ सुटला होता. पायऱ्यांवर एक बाई मुलीला बजावत होती, "उद्या शाळेत लस टोचायला आले, तर हात पुढे करायचा नाही."

शेवडेबाई तिच्यापाशी थांबल्या. "मी या चित्रपटाची विज्ञान सल्लागार."

बाईने त्यांचे दोन्ही हात धरले. "उपकार झाले तुमचे. नाहीतर आम्हाला कसं कळलं असतं?"

"अहो, ते सगळं खोटं आहे. लस घेऊ द्या तिला."

बाईने आजूबाजूला पाहिलं आणि आवाज खाली आणला.

"कळतं मला, ताई. आता तुम्हाला असंच बोलायला लावत असतील."