पाहुण्यांची खुर्ची

आजोबा चाकाच्या खुर्चीतून उठायलाच तयार नव्हते.

नवा फिजिओ दोन्ही हात पुढे करून त्यांच्यासमोर वाकून वाकून थकला होता. आजी पाण्याची बाटली घेऊन बाजूला उभ्या होत्या. "मास्तरीणबाई आल्याशिवाय मी उठणार नाही," एवढंच आजोबांचं पालुपद चाललं होतं. पक्षाघाताच्या झटक्यानंतर त्यांचे शब्द तोंडाच्या एका कडेनं निसटायचे, पण हे वाक्य कसं खणखणीत निघत होतं.

मास्तरीणबाई फिजिओथेरपीच्या हॉलच्या काचेच्या दाराबाहेर उभी होती. ओळखपत्र आणि कपाटाची किल्ली परत द्यायला ती आली होती. परवापर्यंत ती याच हॉलमध्ये शिकाऊ फिजिओ होती. झटक्यानंतर आजोबांना पहिल्यांदा उभं केलं ते तिनंच. परवा तिचा निकाल लागला. ती पहिल्या वर्गात पास झाली, आणि विद्यार्थी म्हणून काम करायची तिची मुभा त्याच दिवशी संपली. तिच्या वर्गातल्या इथल्या मुलांचं काही अडलं नाही, ती सगळी दुसऱ्या दिवसापासून कामाला लागली. ही शिकायला परदेशातून आलेली, हिला वेगळा परवाना हवा. अर्ज केव्हाच गेला होता. रोज सकाळी उठून ती अर्जाचं काय झालं ते बघायची, आणि रोज तेच उत्तर असायचं: विचाराधीन.

विभागाच्या मॅडम बाहेर आल्या. "जरा आत येऊन बसशील का? तू दिसलीस तर उठतील ते."

"बसू कशाला मॅडम, चालवतेच की त्यांना. आजच्या दिवस."

"नको."

"पगार नको मला. असंच."

"असंच केलेलंही कामच धरतात गं. परवान्याशिवाय काम केलं असं कुणी कळवलं, तर तुझा अर्ज बाद. मग सामान बांधायचं आणि घरी जायचं. मी परवान्याच्या कचेरीत किती वेळा फोन लावला. तिकडे रेकॉर्ड केलेली बाई तेवढी बोलते, माणूस काही येत नाही." मॅडमनी पाहुण्यांना देतात तो बिल्ला तिच्या हातात ठेवला. "हात लावायचा नाही, काही सांगायचं नाही. नुसती बस."

तिनं बिल्ला गळ्यात घातला आणि भिंतीशी पेशंटच्या घरच्यांसाठी असलेल्या खुर्चीत जाऊन बसली.

"आल्या एकदाच्या," आजोबा म्हणाले आणि मुकाट उठले.

नवा फिजिओ वाईट नव्हता. कमरेचा पट्टा त्यानं नीट धरला होता, उभाही बरोबर बाजूला होता. दोन समांतर दांड्यांच्या मधून तो आजोबांना हळूहळू पुढे आणत होता. पण एक गोष्ट त्याला ठाऊक नव्हती. आजोबा घाबरले की पायांकडे बघतात, आणि पायांकडे बघितलं की त्यांचा डावा गुडघा दगा देतो. आजोबांनी सारा जन्म बस चालवलेली. त्यांची मान खाली गेली की ती म्हणायची, "काय हो ड्रायव्हरसाहेब, गाडी चालवताना चाकांकडे बघत होतात का?" आजोबा हसायचे, मान वर यायची, पाय आपोआप पडायचा.

आता त्यांची मान खाली चालली होती.

तिच्या ओठांवर ते वाक्य आलं. तिनं दाराकडे पाहिलं. काचेपलीकडे मॅडम उभ्या होत्या. तिनं ओठ मिटले.

गुडघा गेला. फिजिओनं पट्टा खेचून आजोबांना सावरलं, ते पडले नाहीत, पण कोपर दांडीवर जोरात आपटलं. ती खुर्चीतून उठली होती, कधी उठली ते तिचं तिलाही कळलं नाही. काचेपलीकडून मॅडमनी हात वर केला, 'थांब' असा. ती पुन्हा खाली बसली. सगळ्यांनी मिळून आजोबांना खुर्चीत बसवलं. सगळ्यांनी म्हणजे, तिच्याखेरीज सगळ्यांनी.

फिजिओ बर्फ आणायला गेला. आजोबांचा चेहरा पांढरा पडला होता. ते आजींकडे झुकले आणि आपण कुजबुजतोय अशा समजुतीनं सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "तिला सांग, मी घरी रोज व्यायाम करतो."

"कुठे करता तुम्ही?"

"सांग तरी. रुसलीये ती."

"आजोबा, मी रुसले नाही हो," ती बसल्या जागेवरून म्हणाली. "माझा एक कागद यायचाय."

"कसला कागद?"

परवाना, मुदत, अर्ज, सगळं तिच्या मनात येऊन गेलं.

"तुमचा हात धरायचा," ती म्हणाली.

आजोबांनी जरा विचार केला. मग त्यांची मुद्रा निवळली. आयुष्यात कागदावाचून अडलेली कामं त्यांनीही बरीच पाहिली असावीत. ते आजींना म्हणाले, "बघ गं, आपल्या पिशवीत असेल."

"अहो, आपल्याकडे कसा असेल?"

"बघ तर."

आजींनी एकदा नवऱ्याकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे. मग पिशवीतून दवाखान्याची जाडजूड फाइल काढली, मांडीवर उघडली, चष्मा लावला, आणि एकेक कागद काढून तिच्यासमोर धरू लागल्या.

"हा का गं?"