सोमवारची यादी

बंधाऱ्यावरचं यंत्र पाण्यातली जनुकं वाचून आठवडाभर नदीत कोण कोण उतरलं याची यादी दर सोमवारी द्यायचं. मासे, म्हशी, माणसं, सगळे नावानिशी. आजही तानूबाई भोईंचं नाव आलं. त्या तर दिवाळीतच वारल्या होत्या! नियमाप्रमाणे मेलेल्याचं नाव खोडायचं. यादी तपासणारी वृषाली आधी घाटावर गेली.

तिथे तानूबाईंचे यजमान गेनूकाका बायकोचं अखेरचं नेसलेलं लुगडं दर आठवड्यासारखं साबण लावून घासत होते.

“आली का गं यादीत?”

“आल्या. पण साबणाने दर खेपेला पाण्यात त्यांचा अंश कमी कमी सापडतोय.”

काकांचे हात थांबले. “तिला मळकं खपायचं नाही गं.”

वृषालीने साबणाची वडी उचलून आपल्या पिशवीत टाकली.

“नुसतं बुडवून काढा, काका. दर रविवारी.”